ट्रिस्टन दा कुन्या: घंटा वाजेल तो दिवस मासेमारीचा

ट्रिस्टन दा कुन्याला निघण्याआधी एक गोष्ट मनाशी पक्की करावी: परतीची तारीख इथे कुणीही छातीठोकपणे सांगत नाही. दक्षिण अटलांटिकमधलं हे ब्रिटिश बेट केप टाउनपासून सुमारे २,८०० किलोमीटर पश्चिमेला आहे. माणसांची सगळ्यात जवळची वस्ती सेंट हेलेनावर, आणि तीही उत्तरेला साधारण २,४०० किलोमीटरवर. विमानतळ नाही. बेट जवळजवळ गोल, क्षेत्रफळ ९८ चौरस किलोमीटर, त्यात एकच गाव आणि अडीचशेच्या आत माणसं. नकाशावर गावाचं नाव एडिनबरा ऑफ द सेव्हन सीज असं दिसतं, कारण १८६७ मध्ये तेव्हाचा ड्यूक ऑफ एडिनबरा इथे येऊन गेला होता. बेटावर मात्र सगळे नुसतं सेटलमेंट म्हणतात.

खालचा क्रम डिसेंबरातल्या फेरीचा धरला आहे. तिकडे तेव्हा उन्हाळा असतो, शेवंडीची मासेमारी चालू असते, बटाटे शेतात वाढत असतात आणि मेंढ्यांची कातरणी याच महिन्यात होते. दिवसांचा क्रम हवामानाप्रमाणे पुढेमागे होणार, हे गृहीत धरूनच वाचावं.

निघण्याआधी

हौस म्हणून थेट बोटीत बसता येत नाही. आधी बेटाच्या प्रशासकाच्या कार्यालयाकडे लेखी अर्ज करायचा. तो बेटाच्या कौन्सिलपुढे जातो आणि होकार आला की मगच बोटीतल्या जागेची गोष्ट निघते. पोलिसांचा चारित्र्याचा दाखला लागतो, परतीच्या प्रवासाची सोय दाखवावी लागते आणि आरोग्य विमा लागतो. विमा घेताना आजारपणात केप टाउनपर्यंत हलवण्याचा खर्च त्यात धरला आहे का, हे नीट वाचावं. बऱ्याच साध्या प्रवासी विम्यांत तो नसतो, आणि इथे नेमका तोच कामाचा.

वर्षभरात मोजक्याच फेऱ्या होतात. बहुतेक फेऱ्या मासेमारीच्या जहाजांच्या असतात आणि त्यांत प्रवाशांसाठी बारा जागा. त्या जागांना प्राधान्यक्रम आहे. उपचारासाठी जाणारे-येणारे बेटवासी आणि सरकारी कामाची माणसं आधी, पर्यटक सगळ्यात शेवटी. म्हणजे जागा मिळाली तरी ती ऐनवेळी जाऊ शकते. हे अन्यायाचं नाही. ज्याचं ऑपरेशन आहे त्याला दुसरी वाटच नाही. केप टाउनमध्ये दोन्ही बाजूंना किमान आठवडाभर मोकळा ठेवावा आणि पुढचं विमानाचं तिकीट बदलता येईल असंच काढावं. दरवर्षी सप्टेंबरच्या सुमारास दक्षिण आफ्रिकेचं एस. ए. अगुल्हास २ हे मोठं संशोधन जहाज गॉफ बेटावरच्या हवामान केंद्राकडे जाताना ट्रिस्टनला थांबतं. ते जास्त आरामाचं, आणि त्यावर हेलिकॉप्टर असल्याने उतरण्याची चिंताही कमी. पण तेव्हा थंडी संपलेली नसते.

सामानात पौंडाच्या नोटा, रोजची औषधं ठरल्यापेक्षा महिनाभराची जास्त, वाऱ्याला दाद न देणारं जाकीट आणि घोट्यापर्यंतचे बूट. छत्री नेऊ नये. वर्षाला १,६०० मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो खरा, पण तो आडवा येतो.

पहिला ते सहावा दिवस: नुसतं पाणी

बोट पश्चिमेकडे जाते आणि या अक्षांशावर वारा बहुतेक पश्चिमेकडूनच येतो, त्यामुळे जाताना बोट सतत लाटांना तोंड देत असते. सहा-सात दिवस धरावेत, कधी जास्त. येताना तोच वारा पाठीशी असतो. बोट लागण्याची गोळी बंदर सोडण्याआधी घ्यायची असते. उलट्या सुरू झाल्यावर घेतलेली गोळी पोटात टिकत नाही, मग दोन दिवस फुकट जातात.

या रिकाम्या दिवसांत एक काम उरकून घ्यावं: बूट आणि कपड्यांची सफाई. बुटांच्या तळव्यातली माती सुईने कोरून काढायची, मोज्यांत अडकलेलं गवताचं बी वेचायचं, खिसे उलटे करून झटकायचे, बॅगेच्या वेल्क्रो पट्ट्या ब्रशने घासायच्या. वेल्क्रोत सगळ्यात जास्त बी लपतं आणि तिथेच लोक बघायचं विसरतात. बेटावर परकं बी किंवा किडा गेला की तो हटत नाही. १८८२ मध्ये हेन्री बी. पॉल नावाचं जहाज फुटलं आणि त्यातून काळे उंदीर बेटावर आले, ते आजही आहेत. वर्षातून एकदा गावात उंदीर मारण्याचा दिवस असतो. गटागटाने माणसं बाहेर पडतात, शेपट्या मोजल्या जातात, सगळ्यात जास्त शेपट्यांना बक्षीस आणि सगळ्यात लांब शेपटीलाही.

सातवा दिवस: बेट समोर आहे, उतरता येत नाही

सकाळी ढगातून डोंगराचा पाया दिसतो. सहाशे मीटरचे काळे कडे सरळ समुद्रात उतरलेले, आणि वायव्येच्या बाजूला त्यांच्या पायथ्याशी हिरव्या पट्टीवर रंगीत छपरं. बोट नांगर टाकते. ऊन आहे, वारा नाही, तरी बंदर बंद. नवख्या माणसाला हे कळत नाही. कारण असं की इथे अडचण जागच्या वाऱ्याची नसते. हजारभर किलोमीटरवर झालेल्या वादळाची लाट दोन दिवसांनी इथे पोचते, वर पाणी गुळगुळीत दिसतं, पण खाली ती फुगलेली असते. बंदराच्या तोंडाशी तळ उथळ होतो आणि तिथे तीच लाट उभी राहून फुटते.

हे बंदर म्हणजे कॅल्शॉट हार्बर, १९६७ मध्ये बांधलेलं. दगडाच्या दोन बाह्या आणि मधे एक अरुंद तोंड. मोठी बोट आत येऊच शकत नाही. वादळात धोंडे आणि रेती आत लोटली जाते, मग ती उपसावी लागते. वर्षातले फार थोडे दिवस माल उतरवण्याजोगे असतात. म्हणून समुद्र निवळला की गावातली बाकीची कामं थांबतात. कधी बोट दिवसेंदिवस बेटाच्या आडोशाला फिरत राहते. माल तसाच पोटात घेऊन परत गेलेल्या बोटीही आहेत.

आठवा दिवस: उतरणं

पहाटे बंदरावरून रेडिओवर होकार येतो. हवेच्या कडा असलेली रबरी होडी बोटीला बिलगते आणि बाजूने दोरीची शिडी सोडलेली असते. तंत्र एवढंच आहे: अंगात लाइफ जाकीट, दोन्ही हात मोकळे, पाठीवर काही नाही. बॅगा वेगळ्या जाळ्यातून खाली येतात. शिडीच्या खालच्या पायरीवर थांबायचं, होडी लाटेवर चढून पायाशी येते तेव्हा खालचा माणूस हाक देतो, त्या क्षणी पाय टाकायचा. होडी खाली जाताना पाय टाकला तर मधे दोन मीटरची पोकळी असते. हाक ऐकू आल्यावर विचार करत बसलं तरी हेच होतं. खालच्या माणसाने हजार माणसं उतरवलेली असतात, त्याच्यावर सोपवावं.

माल उतरण्याची रीत याहून सावकाश. बोटीची क्रेन माल तराफ्यावर ठेवते, होडी तराफा ओढत आणते, धक्क्यावरची क्रेन तो उचलते. टपाल आणि औषधं आधी, मग दुकानाचा माल. मधेच लाट वाढली की जे उतरलं ते आपलं, बाकीचं पुन्हा बोटीत.

हॉटेल नाही. राहायचं ते गावातल्या घरात किंवा गावाच्या पाहुणेघरात, आणि घरात राहिलं तर तीन वेळचं जेवण त्यांच्यासोबत. बटाटा तिन्ही वेळा भेटू शकतो. भरलेलं मटण, शेवंड, ताजी मासळी आणि बटाट्याचं पुडिंगसुद्धा. घराचं दार बंद असलं तरी कुलूप नसतं, पण पाहुण्याने दार वाजवल्याशिवाय आत जाऊ नये.

संध्याकाळी गाव पायी पाहून होतं. पूर्वेच्या टोकाला काळ्या लाव्ह्याचा ढीग आहे. ऑक्टोबर १९६१ मध्ये घरांच्या अगदी पाठीशी जमीन फाटली. सगळं गाव आधी शेजारच्या नाइटिंगेल बेटावर, मग केप टाउन आणि तिथून इंग्लंडला गेलं. लाव्ह्याने शेवंडीचा कारखाना आणि होड्या ओढायच्या जुन्या पुळणी गिळल्या, घरं मात्र बहुतेक वाचली. इंग्लंडमध्ये साउदॅम्प्टनजवळच्या कॅल्शॉट इथल्या जुन्या लष्करी वसाहतीत त्यांना ठेवलं होतं. परत जायचं का यावर मतदान झालं तेव्हा १४८ विरुद्ध ५ असा निकाल लागला. १९६३ मध्ये गाव परत आलं. बंदराचं नाव इंग्लंडमधल्या त्या कॅल्शॉटवरून आलेलं आहे. पुळणी गेल्या नसत्या तर हे बंदर बांधावंच लागलं नसतं.

जवळच न्यूझीलंड फ्लॅक्सच्या लांब पात्यांनी शाकारलेलं एक जुन्या धाटणीचं घर संग्रहालय म्हणून ठेवलं आहे. भिंतींचे दगड ज्वालामुखीचे, चुन्याशिवाय एकात एक बसवलेले.

नववा दिवस: घंटा

इथल्या दिवसाचं सगळं गणित पहाटे ठरतं. मासेमारी खात्याची माणसं अंधारात समुद्र पाहतात. लाट आणि वारा दोन्ही जमले तर प्रिन्स फिलिप हॉलजवळ टांगलेल्या जुन्या लोखंडी सिलिंडरवर हातोडा पडतो. त्याला डाँग म्हणतात. पाचच्या सुमाराला तो आवाज आला की त्या दिवसाचं आधीचं वेळापत्रक रद्द. सुतार, प्लंबर, गवंडी, कार्यालयातला कारकून, सगळे आधी कोळी. सरकारी नोकरी आणि मासेमारी एकाच माणसाकडे असते आणि मासेमारीचा दिवस नोकरीवर मात करतो, असा नियमच आहे. घरातला नळ दुरुस्तीसाठी अर्धवट खोलून ठेवलेला असेल तर तो तसाच राहतो. तक्रार करणाऱ्या पाहुण्याकडे लोक जरा कीव करून बघतात.

होड्या बंदरात बांधून ठेवत नाहीत. एका रात्रीत लाटेने भिंतीवर आपटून त्यांचे तुकडे होतील. त्या जमिनीवर ट्रेलरवर असतात. पहाटे रांगेने धक्क्यावर येतात आणि क्रेन एकेक उचलून पाण्यात ठेवते. संध्याकाळी उलट क्रमाने वर. त्यामुळे क्रेन बिघडली तर हवामान कितीही चांगलं असो, मासेमारी नाही.

एका होडीत बहुधा दोघं. किनाऱ्यालगत केल्प या लांब समुद्री शेवाळाची दाट जंगलं पाण्यात उभी आहेत, त्यांच्या बाहेरच्या कडेला खडकात शेवंड राहते. पेटीसारखे सापळे आमिष घालून सोडून दिले जातात आणि तेवढ्या वेळात गोल कडीच्या जाळ्या हाताने टाकत-उचलत राहायच्या. गोल जाळीला तोंड उघडं असतं. ती उचलताना सुरुवातीला एक जोराचा हिसका द्यावा लागतो, म्हणजे जाळीची पिशवी होते. हळू उचलली तर शेवंड शेपटी मारून निसटते. दोर केल्पमध्ये गुंतला की सापळा गेलाच समजायचा, आणि पंख्यात केल्प अडकलं तर इंजिन बंद पडून होडी खडकाकडे वाहू लागते. म्हणून दोघांपैकी एकाची नजर कायम पाण्यावर.

पकडलेली शेवंड लगेच मोजतात. ट्रिस्टनभोवती पाठीच्या कवचाची लांबी ७० मिलिमीटर भरली पाहिजे, कमी असेल तर पाण्यात परत. पोटाखाली अंडी धरलेली मादीही परत. उचलताना ती मिशांना धरून उचलत नाहीत. मिशी किंवा पाय तुटला की अख्ख्या शेवंडीचा भाव जातो आणि ती फक्त शेपटीच्या मालात जमा होते. ऊन आणि पावसाचं गोडं पाणी दोन्ही तिला सोसत नाही, म्हणून पेट्या झाकलेल्या.

दुपारनंतर होड्या येतात, वजन होतं आणि गावाची दुसरी पाळी सुरू होते. कारखान्यात बायका आणि निवृत्त माणसं कामाला येतात. निवड, सफाई, काही माल अख्खा, काही शेपट्या, मग गोठवणं. आलेला माल संपेपर्यंत काम, मग रात्र कितीही होवो. परदेशी जाणाऱ्या या शेवंडीवर बेटाचं उत्पन्न मुख्यतः उभं आहे. हंगाम जुलैपासून असतो, पकडीचा वार्षिक कोटा ठरलेला असतो. २०११ मध्ये या मासेमारीला मरीन स्टुअर्डशिप कौन्सिलचं टिकाऊ मासेमारीचं प्रमाणपत्र मिळालं. २०२० मध्ये बेटांभोवतीच्या सुमारे ६,८७,००० चौरस किलोमीटर समुद्राला संरक्षण जाहीर झालं, त्यातल्या नव्वद टक्क्यांहून जास्त भागात मासेमारी पूर्ण बंद.

मासेमारीच्या दिवशी पाहुण्याने दुपारनंतर धक्क्यावर जावं, पण क्रेनच्या फेऱ्याबाहेर उभं राहावं.

दहावा दिवस: पॅचेस

बेटावर रस्ता एकच. गावापासून नैऋत्येला पाचेक किलोमीटर, हॉटनटॉट गल्च नावाची ओढ्याची घळ ओलांडून बटाट्याच्या वावरांपर्यंत. वावरांना पॅचेस म्हणतात. बस आहे, पण चालत जाणं बरं. वाटेत गायी आणि गाढवं मोकळी चरत असतात. नऊ खड्ड्यांचं गोल्फचं मैदानही त्याच कुरणात, तिथे चेंडू शेणात जातो याची तयारी ठेवावी.

पॅचेस म्हणजे काळ्या दगडाच्या कमरेएवढ्या भिंतींची चौकटच चौकट. भिंत हद्दीसाठी असते त्याहून जास्त वाऱ्यासाठी. समुद्रावरून येणारा खारा वारा बटाट्याची पानं एका रात्रीत करपवतो. वावर लहान ठेवलं की भिंतीचा आडोसा मधल्या सरीपर्यंत पोचतो, मोठं केलं तर मधलं पीक मार खातं. म्हणून इथे वावरं जोडून मोठं शेत करण्याचा विचार कुणी करत नाही.

लावणी वसंतात, म्हणजे सप्टेंबर-ऑक्टोबरच्या सुमारास. कुदळीने सरी, तळाला खत, त्यावर कोंब आलेलं बेणं, मग माती. मेंढ्यांचं खत मुख्य. पूर्वी नाइटिंगेल बेटावरून होड्या भरून पेंग्विनची विष्ठा आणली जायची, किनाऱ्यावर वाहून आलेलं केल्पही पडायचं. डिसेंबरात खुरपणी आणि मातीची भर देणं चालू असतं. भर नीट पडली नाही तर वर आलेला बटाटा हिरवा पडतो आणि खाण्यातून जातो. मुख्य काढणी जानेवारी-फेब्रुवारीत, सगळं कुटुंब हाताखाली घेऊन. मोठे खाण्याला, मध्यम बेण्याला, किडके-चिरके जनावरांना. पीक बिघडतं ते तीन कारणांनी: खारा वारा, अळी आणि उंदीर. एका कुटुंबाचं वावर हुकलं तर बाकीच्यांकडून पोती येतात, पण त्याचा कुठे उल्लेख होत नाही.

जमीन कुणाच्या मालकीची नाही, सगळ्यांची मिळून आहे. बाहेरच्या माणसाला ती विकत घेता येत नाही, इथे कायमचं स्थायिकही होता येत नाही. कुटुंबाने किती गायी आणि मेंढ्या पाळायच्या यावर मर्यादा आहे, दोन कारणांसाठी: कुरण थोडं आहे, आणि कुणी एक घर फार श्रीमंत होऊ नये. या दुसऱ्या कारणाचं मूळ जुनं आहे. नेपोलियन सेंट हेलेनावर कैदेत असताना १८१६ मध्ये ब्रिटिशांनी इथे शिबंदी बसवली, पुढच्या वर्षी ती काढून घेतली. विल्यम ग्लास हा स्कॉटिश कॉर्पोरल बायको-मुलांसह मागे राहिला. त्याने सोबत्यांशी लेखी करार केला: साठा सगळ्यांचा सारखा, नफा सारखा, कुणी कुणापेक्षा वरचढ नाही. आजच्या बहुतेक घरांची आडनावं ग्लास, ग्रीन, हेगन, लावारेलो, रेपेटो, रॉजर्स, स्वेन यांपैकीच. लावारेलो आणि रेपेटो १८९२ मध्ये फुटलेल्या इटालिया जहाजावरचे, जेनोआजवळच्या कामोलीचे.

अकरावा दिवस: वादळ

घंटा नाही, वारा छपरं हलवतो. असा दिवस गावातल्या इमारती बघायचा.

दुकान एकच. मागणी काही महिने आधी द्यावी लागते, आणि बोट हुकली की शेल्फ रिकामे होत जातात. ताजी फळं बोट आल्यावर आठवड्यात संपतात. पाहुण्याने बोट यायच्या आधीच्या दिवसांत दुकानातून डबे भरून घेऊ नयेत, एवढं भान हवं.

वीज डिझेल जनरेटरवर येते आणि ती व्यवस्था शेवंडीच्या कारखान्याशी जोडलेली. फेब्रुवारी २००८ मध्ये कारखाना जळाला तेव्हा उत्पन्न आणि वीज एकाच रात्री गेली. नवा कारखाना २००९ मध्ये उभा राहिला.

दवाखान्याचं नाव कामोली, त्या इटालियन खलाशांच्या गावावरून. नवी इमारत २०१७ ची. डॉक्टर बाहेरून ठरावीक मुदतीसाठी येतात. साध्या शस्त्रक्रिया इथेच होतात, त्यापुढचं केप टाउनला, म्हणजे पुढच्या बोटीपर्यंत थांबणं किंवा जवळून जाणाऱ्या जहाजाला वळवणं. बेटावर दम्याचं प्रमाण फार आहे. सगळी वस्ती पंधराएक मूळ माणसांपासून वाढली आणि त्यांत काहींना दमा होता. दम्याच्या आनुवंशिकतेचा अभ्यास करायला टोरांटोहून शास्त्रज्ञ याच कारणाने आले होते.

टपाल कार्यालयाला २००५ मध्ये ब्रिटिश पद्धतीचा पिनकोड मिळाला, टीडीसीयू १झेडझेड. त्याआधी काही पत्रं चुकून स्कॉटलंडच्या एडिनबराला फिरून यायची. तिकिटांची विक्री हे बेटाचं दुसरं उत्पन्न. बेटाला स्वतःची तिकिटं १९५२ पासून मिळाली. त्याआधी १९४६ मध्ये केलेल्या एका नमुना तिकिटावर किंमत लिहिली होती एक पेनी किंवा चार बटाटे, कारण तेव्हा बेटावर पैसा जवळजवळ नव्हताच. इथून टाकलेलं पत्र पुढच्या बोटीने निघतं, ते बहुधा टाकणाऱ्याच्या सोबतच केप टाउनला पोचतं.

कारभार प्रशासक आणि अकरा जणांच्या कौन्सिलकडे. आठ निवडून आलेले, तीन नेमलेले. चीफ आयलंडर, म्हणजे गावाचा पुढारी, निवडायला त्याच वेळी वेगळं मतदान होतं. शाळा सोळाव्या वर्षापर्यंत, पुढे शिकायचं तर बेट सोडायचं.

बारावा दिवस: कातरणी

डिसेंबरच्या मध्याला हा दिवस असतो आणि गाव ओस पडतं. मेंढ्या डोंगराच्या उतारावरून कुत्र्यांनी हाकत पॅचेसकडच्या वाड्यात आणतात. कळप मिसळलेले, पण कानाच्या खुणेवरून ज्याची मेंढी तो ओढून घेतो. मेंढी मागच्या अंगावर बसवायची, पाठ गुडघ्याला टेकवायची. पाय जमिनीला लागत नसले की ती धडपडत नाही. मग हातकात्रीने पोटाकडून सुरुवात आणि शेवटी पाठ. कातडी ताणून धरली नाही तर सुरकुतीत कात्री लागते. लोकर ओली असेल तर कातरत नाहीत, ओली लोकर गोणीत तापते आणि कुजते, म्हणून पाऊस आला की दिवस पुढे ढकलला जातो.

लोकर हाताने पिंजून, कातून तिचे स्वेटर आणि मोजे होतात. मोज्यांवर रंगीत पट्टे घालायची जुनी रीत आहे. पूर्वी मुलगी मुलाला मोजे देई, तेव्हा जितके पट्टे तितकी माया जास्त असं समजलं जाई.

कातरणीनंतर काही दिवसांत सरकारी कामं बंद होतात ती जानेवारीपर्यंत. कुटुंबं पॅचेसवरच्या छोट्या खोपट्यांत राहायला जातात. ३१ डिसेंबरच्या रात्री ओकालोलीज निघतात: मुखवटे घातलेले तरुण, विशेषतः मुलींना आणि पाहुण्यांना घाबरवत गावभर फिरतात. दार बंद करून बसलं तर ते जास्त त्रास देतात.

तेरावा दिवस: डोंगर

क्वीन मेरीज पीक २,०६० मीटरच्या आसपास. स्थानिक वाटाड्याशिवाय चढायला परवानगी नाही, आणि ते योग्यच आहे. पहिला टप्पा कड्यातून बेसवर, म्हणजे सहाशे मीटरवरच्या पठारावर. इथे पाय घसरला तर खाली समुद्र. त्यापुढे नेच्याची दाट, ओली झुडपं, आणि शेवटी सैल राख, जिच्यावर दोन पावलं वर आणि एक खाली असा हिशेब चालतो. दहा वाजेपर्यंत माथ्यावर ढग बसला तर वाटाडे बेसवरूनच मागे फिरवतात. हुज्जत घालू नये. ढगात सगळ्या घळी सारख्या दिसतात आणि चुकीच्या घळीचा शेवट कड्यावर होतो. माथ्यावरच्या विवरात छोटं तळं आहे. बेसवर पिवळ्या चोचीचे अल्बट्रॉस घरट्यांवर असतात, त्यांच्यापासून लांब राहावं.

चौदावा दिवस: नाइटिंगेल, जमलं तर

जवळजवळ चाळीस किलोमीटरवरच्या या बेटावर उंदीर नाहीत, म्हणून निघताना पुन्हा बूट-बॅगांची झडती. उतरणं खडकावर उडी मारूनच, त्यामुळे बहुतेक वेळा बेत बारगळतो. जमिनीत लाखो शिअरवॉटर पक्ष्यांची बिळं आहेत. वाट सोडली की पाय घरट्यावर पडून बीळ कोसळतं. किनाऱ्यावर रॉकहॉपर पेंग्विन, इथल्या बोलीत पिन्नमिन. मार्च २०११ मध्ये ऑलिव्हा हे सोयाबीन नेणारं जहाज इथे खडकावर आदळलं, हजारो पेंग्विन तेलाने माखले. गावातल्या माणसांनी त्यांतले सुमारे ३,७०० गावात आणून धुतले, बरेच वाचले नाहीत. मासेमारीही काही काळ बंद ठेवावी लागली.

परतीचा दिवस

बोट कोणत्या दिवशी निघणार हे आदल्या संध्याकाळी साधारण कळतं, नक्की पहाटे कळतं. बॅगा रात्रीच भरून दाराशी ठेवाव्यात, जड सामान आधीच धक्क्यावर पाठवावं आणि पासपोर्ट, औषधं, कोरडे कपडे यांची एक लहान पिशवी स्वतःजवळ ठेवावी. घरमालकांचा हिशेब आदल्या रात्री चुकता करावा, कारण सकाळी डाँग वाजला तर ते भेटणार नाहीत. शिडीने चढताना होडी लाटेच्या माथ्यावर असतानाच शिडी धरायची आणि लगेच दोन पायऱ्या वर जायचं, नाहीतर पुढच्या लाटेला होडीची कड पायावर येते. लाट वाढली तर दहा वाजता बंदर बंद होतं. मग जड सामान बोटीवर, आपण गावात, आणि जेवायला पुन्हा बटाटे.